चाळीस चिंचोके

बाई, तुम्ही गेलात तेव्हा तुमचं वय एकेचाळीस होतं, हे मला नंतर कळलं. मी आता त्र्याऐंशीची आहे. तुमच्या दुपटीहून मोठी झाले, तरी तुमच्याशी बोलायचं म्हटलं की आधी उठून उभं राहावंसं वाटतं. तुम्हाला संगणक पाहायला मिळाला नाही, म्हणून मी पुढे काय केलं तेच पहिल्यांदा सांगते. मी कॉलेजात पदार्थविज्ञान शिकवलं, आणि त्यातही बहुतेक उष्णता. मुलांना मी पडद्यावर एक खोका दाखवायचे. मधे भिंत, भिंतीला एक बारीक भोक. डाव्या खोलीत ठिपके भरलेले, उजवी रिकामी. ठिपके म्हणजे हवेचे कण समजायचे. कळ दाबली की ते सैरावैरा धावायला लागायचे, आणि बघता बघता दोन्ही खोल्या सारख्या भरायच्या. उजवीकडे जा असं एकाही ठिपक्याला कुणी सांगितलेलं नसायचं. गरम वस्तू गार का होते, उदबत्तीचा वास घरभर का पसरतो आणि पसरलेला वास परत काडीत का शिरत नाही, हे फळ्यावरच्या समीकरणांपेक्षा त्या ठिपक्यांवरून मुलांच्या लवकर ध्यानात यायचं. असले प्रोग्रॅम मी तीस वर्षं लिहिले. हे सगळं मी जिथे शिकले ती कारखान्याच्या वसाहतीतल्या तुमच्या घराची स्वयंपाकाची खोली आता नाही. मी मुलाकडे संत तुकाराम नगरमध्ये राहते, तिथून ती जागा चालत जाण्याएवढी जवळ आहे. मी फारशी जात नाही.

आमची शाळा तेव्हा निर्वासितांच्या छावणीच्या कडेला होती. तीन खोल्या आणि एक पत्र्याची शेड. सिंधमधून आलेल्या घरांतल्या मुली होत्या, कारखान्याच्या वसाहतीतल्या होत्या, आणि जुन्या गावातल्या आम्ही दोघी. आमची बरीचशी जमीन कारखान्यांच्या कामी गेली होती. नदीकाठी, काळेवाडीच्या समोर, बाजरीपुरती एक पट्टी उरली होती. माझे वडील, ज्यांना आम्ही आबा म्हणायचो, ते बॉयलरवर कामाला लागले होते. तुमचे यजमान कारखान्यात रसायनशास्त्रज्ञ, त्यामुळे साहेबांच्या बायकोनं पत्र्याच्या शेडमध्ये येऊन अकरावीला शिकवायचं कारण काय, हे गावात कुणाला कळेना. तुम्ही ते एकदाच सांगितलंत, तेही फळा पुसता पुसता, आमच्याकडे पाठ करून. एम.एस्सी.चं एक वर्ष झालं होतं आणि मग लग्न झालं. एवढंच बोललात आणि पुढच्या गणिताला लागलात.

उष्णतेच्या पहिल्या तासाला तुम्ही घरून कढत पाण्याचा तांब्या आणला होता. तो टेबलावर ठेवून तुम्ही विचारलंत, "हे थोड्या वेळानं गार होईल. का होईल?" आमच्यातली एक म्हणाली, हवा लागते म्हणून. तुम्ही म्हणालात, "बरं. मग माठातल्या पाण्यालाही हवा लागतेच. ते उकळायला का लागत नाही?" आम्ही हसलो. परीक्षेत हा प्रश्न येत नाही असं पहिल्या बाकावरून कुणीतरी पुटपुटलं. तुम्ही ऐकलंत. "येत नाही, म्हणूनच शाळेत नको. रविवारी माझ्या घरी या," असं म्हणालात.

तो रविवार मला अजून दिसतो. आम्ही बारा जणी तुमच्या स्वयंपाकाच्या खोलीत दाटीवाटीनं बसलेल्या आहोत. स्टोव्हवर चहाचं आधण आहे, पण तुमचं तिकडे लक्ष नाही. तुम्ही आम्हाला चिंचोके वाटता आणि फरशीवर घासायला लावता, एका बाजूनं आतला पांढरा भाग दिसेपर्यंत. त्या पांढऱ्यावर तुम्ही टाकानं एक ते चाळीस आकडे घालता. मग दोन वाडगे. चाळीसही चिंचोके डाव्या वाडग्यात. ही गरम खोली, ती गार, असं तुम्ही म्हणता. बिस्किटांच्या एका डब्यात एक ते चाळीस आकड्यांच्या चिठ्ठ्या. डबा हलवायचा, न बघता एक चिठ्ठी काढायची, त्या आकड्याचा चिंचोका ज्या वाडग्यात असेल तिथून उचलून दुसऱ्यात टाकायचा. चिठ्ठी परत डब्यात. डावीकडे किती उरले ते वहीत लिहायचं. बस, एवढाच खेळ. पहिल्या दहा-बारा चिठ्ठ्यांत चिंचोके एकामागून एक उजवीकडे जातात, मग एखादा परत येतो, मग दोन जातात. शंभरएक चिठ्ठ्या होईपर्यंत डावीकडे वीसच्या आसपास उरतात आणि मग तो आकडा तिथेच घुटमळत राहतो. तुम्ही आमच्या तोंडांकडे बघत बसला आहात. "चिठ्ठीला माहीत आहे का कुठे जायचं ते?" तुम्ही विचारता. "नाही ना? मग समान वाटणी कुणी केली?"

मी विचारलं होतं, "बाई, हे सगळे परत डावीकडे येतील का?" आणि तुम्ही म्हणाला होतात, "येतील की. येऊ नयेत असा नियम कुठे आहे? फक्त तोवर ही पिंपरी जागेवर असेल का, ते विचार." मग चहा गाळता गाळता तुम्ही सांगितलंत की परदेशात असले खेळ आता एका यंत्राकडून करून घेतात, ते यंत्र स्वतःच चिठ्ठ्या काढतं आणि स्वतःच मोजतं. तुम्ही ते कुठल्याशा मासिकात वाचलं होतं. "आपल्याकडे ते यंत्र नाही," तुम्ही म्हणालात, "पण आपण बारा जणी आहोत." ते ऐकून मला फार बरं वाटलं होतं. आपण कशाच्या तरी उपयोगी आहोत असं मला तोवर घरकाम सोडून कशातच वाटलं नव्हतं.

पुण्याला तुमचे कॉलेजातले प्रोफेसर होते, त्यांना तुम्ही या खेळाबद्दल कळवलंत. त्यांचं उत्तर तुम्ही आम्हाला वर्गात वाचून दाखवलंत. कल्पना चांगली आहे, पण शंभर-दोनशे चिठ्ठ्यांनी काही सिद्ध होत नाही, काही हजार हव्यात. तेवढे आकडे मिळाले तर जानेवारीत शिक्षकांची सभा आहे, तिथे तुम्ही ते मांडा. पत्राच्या शेवटी एक ओळ होती ती तुम्ही वाचली नाहीत, पण कागद टेबलावर राहिला आणि मी वह्या गोळा करताना ती वाचली. कॉलेजच्या प्रयोगशाळेत एक जागा रिकामी होणार होती, आणि सभेतलं काम बघून प्रोफेसर तुमचं नाव सुचवणार होते. मग तुम्ही दिवाळीच्या सुट्टीत प्रत्येकीला आठशे चिठ्ठ्यांचं काम दिलंत. एका पानावर पन्नास, अशी सोळा पानं. जिच्या घरी जे असेल ते घ्यायचं, चिंचोके नाहीतर कवड्या.

सुट्टीत आमच्याकडे बाजरीची काढणी होती. मी सकाळी शेतावर, दुपारी भाकरी, आणि मग अंगणात वाडगे घेऊन बसायची. पाच पानं झाली. एके दिवशी आबा पहिली पाळी करून घरी आले आणि माझ्यासमोर उकिडवे बसले.

"ह्यो कसला खेळ म्हनायचा?"

"खेळ नाही आबा. गरम वस्तू गार का होते ते शिकतोय."

"त्याला चिंचोकं कशाला लागत्यात? कोळसा टाकायचा थांबला की बॉयलर गार व्हतोच की."

"पण का होतो? गार झालेला आपोआप गरम का होत नाही?"

आबांनी एक चिंचोका उचलून उलटसुलट पाहिला. मग म्हणाले, "ह्ये मला कंपनीत कुनी इचारलं न्हाई." आणि हात पुढे करून म्हणाले, "आन डबा हिकडं." आबांना अक्षरं येत नव्हती, पण आकडे यायचे. कोळशानं काळी झालेली बोटं धोतराला पुसून त्यांनी चिठ्ठ्या काढायला सुरुवात केली, दर वेळी डबा असा हलवून की जणू त्यात काही लपवलंय. डावीकडे वीस होते. आबांनी काढायला घेतल्यापासून ते कमीच होत गेले. एकोणीस, अठरा, सतरा, सोळा, एकदा सतरा, मग सोळा, पंधरा, चौदा, तेरा. तेराच्या आसपास ते अडूनच बसले. मी म्हटलं, आबा, तुमचं काहीतरी चुकतंय, वीसच यायला पाहिजेत. आबा म्हणाले, "चिठ्ठी निघाली ती निघाली. मी काय करू?" पन्नास झाल्यावर ते उठून गेले. ते पान मला खोडून नीट करावंसं वाटलं होतं, पण त्यांचे आकडे मी त्यांच्यासमोर लिहिले होते, म्हणून राहू दिलं.

उरलेली दहा पानं मी बांधावर बसून एका दुपारी लिहिली, बाई. चिठ्ठ्या न काढता. वीस, एकवीस, वीस, एकोणीस, अठरा, एकोणीस. मी मूर्ख नव्हते. दर चिठ्ठीला आकडा एकानं वाढतो किंवा घटतो, म्हणजे सम आणि विषम आळीपाळीनं यायला हवेत, एवढं मला कळलं होतं आणि ते मी काटेकोर सांभाळलं. अधूनमधून सतरावर उतरवलं, तेवीसवर चढवलं, खरं वाटावं म्हणून. आई कणसं खुडत होती. तिनं विचारलं, अभ्यास चाललाय का गं, आणि मी हो म्हटलं. मला तेव्हा जराही वाईट वाटलं नाही. शेवटी वीसच येणार आहेत हे माहीत असताना पाचशे वेळा डबा हलवायचा कशाला, असं वाटलं. अक्षर मात्र मी त्या दहा पानांवर सगळ्यात चांगलं काढलं.

सुट्टी संपून दोन आठवडे झाले असतील. रविवारी सकाळी तुम्ही मला एकटीला बोलावलंत. तुम्ही खाली बसून मटार सोलत आहात, समोर माझी वही उघडी आहे. मला वाटतं, अक्षराबद्दल कौतुक करणार. तुम्ही मला मटार सोलायला देता आणि थोड्या वेळानं विचारता, "किती चिठ्ठ्या काढल्यास?"

"आठशे."

तुम्ही पुढची शेंग सोलता. दाणे पातेल्यात पडतात. "पुन्हा सांग."

माझ्या हातातली शेंग तशीच राहते. "तीनशे," मी म्हणते.

"हं," तुम्ही म्हणता, "मीही तीनशेच मोजल्या." आणि वही माझ्याकडे फिरवता. तुम्ही पानापानावर बारीक पेन्सिलीनं सर्वांत मोठा आणि सर्वांत लहान आकडा लिहून ठेवला आहे. "ही तुझी पहिली पानं. इथे सव्वीस आहे, इथे पंधरा. हे सहावं बघ, तेरापर्यंत जाऊन तिथेच रेंगाळलंय. हे कुणी काढलं?"

"आबांनी."

"छान काढलंय. आणि इथून पुढची दहा. सतराच्या खाली नाही, तेवीसच्या वर नाही. पाचशे वेळांत एकदाही नाही. इतकं शहाण्यासारखं वागणारं काही मी अजून पाहिलेलं नाही, अगदी माणूससुद्धा." तुमचा आवाज चढला नाही. "तुला वाटलं, वीस हे उत्तर आहे. वीस तर मला कागदावर गणित करूनही येतं. ते तेरा कसं येतं आणि किती वेळा येतं, ते मला हवं होतं. ते तुझ्या आबांना दिसलं."

मी रडले. तुम्ही मला रडू दिलंत, आणि माझ्या वाटणीचे मटारही सोललेत.

दुसऱ्या दिवशी तुम्ही वर्गात सगळ्यांना विचारलंत, माझं नाव न घेता. आणखी तिघींनी माना खाली घातल्या. तेव्हा तुम्ही फळ्यावर बारा वह्यांची बेरीज लिहिली होती, ती पुसलीत आणि म्हणालात, पुन्हा करायचं, सगळ्यांनी, इथेच बसून. त्याच आठवड्यात मी सुट्टीसाठी नेलेले वाडगे परत द्यायला तुमच्याकडे आले होते. दारात चपला काढत असताना तुमचे यजमान आत बोलताना ऐकू आले. "चार वह्या गाळायच्या आणि आठ पाठवायच्या. कुणाला कळणार होतं?" तुम्ही म्हणालात, "चौघींनी सांगितलं म्हणून कळलं. उरलेल्या आठ जणींपैकी एखादीचं धाडस झालं नसेल तर?" यजमान म्हणाले, "ती जागा तुझ्यासाठी थांबणार नाही." मी वाडगे उंबऱ्यावर ठेवून निघून आले.

ते पुढचे तीन महिने माझ्या शाळेतले सगळ्यात चांगले दिवस होते, हे सांगायला मला संकोच वाटतो. शाळा सुटली की आम्ही पत्र्याच्या शेडमध्ये गोल करून बसायचो. एकीनं डबा हलवायचा, एकीनं चिठ्ठी काढून आकडा मोठ्यानं वाचायचा, एकीनं चिंचोका हलवायचा, एकीनं मोजायचं, एकीनं लिहायचं आणि एकीनं तिच्या खांद्यावरून बघायचं. दर शंभराला जागा बदलायच्या. असे दोन गट. सिंधी मुली आकडे त्यांच्या भाषेत म्हणायच्या, आम्ही आमच्या, आणि काही दिवसांनी दोन्हीकडच्यांना दोन्ही यायला लागले. कारखान्याचा भोंगा झाला की थांबायचं. एकदा डावीकडे फक्त नऊ उरले तेव्हा दोन्ही गट उठून बघायला आले होते, जणू कुणाला बाळ झालंय. खोटं लिहिण्याची इच्छाच कुणाला होत नव्हती, कारण खरे आकडे इतके चमत्कारिक वागत होते की ते मनानं रचताच आले नसते. तुम्ही कोपऱ्यात बसून आलेखाच्या कागदाचे तुकडे खळीनं जोडत असायचात. फेब्रुवारी संपताना नऊ हजार सहाशे चिठ्ठ्या पुऱ्या झाल्या आणि तुम्ही तो आलेख भिंतीला लावलात. मधे उंच, दोन्हीकडे उतरत गेलेली टेकडी, आणि टोकांना एखाददुसरी रेघ. सभा जानेवारीतच होऊन गेली होती. प्रोफेसरांचं दोन ओळींचं पत्र आलं होतं, की पुढच्या वर्षी पाहू. ती जागा भरली गेल्याचं तुम्ही आम्हाला कधीच सांगितलं नाहीत.

पुढचं वर्ष आलंच नाही. जूनमध्ये तुमच्या यजमानांची लांब उत्तरेकडे बदली झाली. मी मॅट्रिक पास झाल्याचं सांगायला आले तेव्हा घरात खोकी बांधलेली होती. तुम्ही एका खोक्याची दोरी सोडून तळातून वही काढलीत, तुमची एम.एस्सी.ची, उष्णतेची. अर्धी भरलेली, अर्धी कोरी. "कॉलेजात जाशील तेव्हा लागेल," म्हणालात. आबा मला कॉलेजात पाठवणार नाहीत असं मी म्हटलं. तुम्ही म्हणालात, "त्यांना विचारलंस? आधी विचार. मनानंच आकडे लिहू नकोस." मी घरी येऊन विचारलं. आबा म्हणाले, "जा की. तुला कोन न्हाई म्हनलंय?" इतकं सोपं होतं ते.

तुमची दोन पत्रं आली. पहिल्याला मी लगेच उत्तर लिहिलं. दुसरं आलं तेव्हा माझी बी.एस्सी.ची परीक्षा होती, मग राहून गेलं, मग इतके दिवस लोटले की लिहायची लाज वाटायला लागली. मी एम.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला असताना शाळेच्या पत्त्यावर तुमच्या यजमानांचं कार्ड आलं आणि मुख्याध्यापकांनी मला बोलावून घेतलं. महिनाभराचा ताप, एवढंच त्यात होतं. मी ते मुख्याध्यापकांच्या टेबलाशी उभी राहून वाचलं आणि त्यांना परत दिलं. कार्ड शाळेचं होतं, मागून घ्यावं असं मला सुचलं नाही.

संगणकाशी माझी पहिल्यांदा गाठ पडली तेव्हा मला लेक्चरर होऊन दहा वर्षं झाली होती. यंत्र एका थंड खोलीत, काचेपलीकडे. आपण कडक कार्डांवर भोकं पाडून गठ्ठा खिडकीत द्यायचा, दुसऱ्या दिवशी छापलेले कागद घ्यायचे. तुमच्या वहीच्या कोऱ्या पानांवर मी पेन्सिलीनं तो खेळ यंत्राच्या भाषेत मांडला. चाळीस चिंचोके, एक लाख चिठ्ठ्या. कागद हातात आला तेव्हा मी खिडकीशीच उभी राहून वाचायला लागले. चाळीस, एकोणचाळीस, अडतीस, घसरत घसरत वीसशी आला आणि घुटमळायला लागला. मला तुमच्या शेडमधला आवाज ऐकू आला असं म्हटलं तर तुम्ही हसाल. पण पानं उलटत गेले तसं काहीतरी खटकायला लागलं. एकदा वीसशी आल्यावर पंधराच्या खाली नाही, पंचविसाच्या वर नाही. लाख चिठ्ठ्यांत एकदाही नाही. मी खिडकीतल्या माणसाला म्हटलं, हे आकडे खरे नाहीत. तो म्हणाला, "मॅडम, मशीन कशाला खोटं बोलेल?" मी तो गठ्ठा घरी नेला, जमिनीवर पसरला आणि दोन दिवस पेन्सिल घेऊन बसले. यंत्र चिठ्ठ्या काढत नव्हतंच. मी त्याला आकडे बनवायची जी रीत लिहून दिली होती ती कच्ची होती, त्यामुळे थोड्या चिठ्ठ्यांनंतर ते पहिल्यापासून तेच आकडे पुन्हा म्हणत होतं, पाढे म्हटल्यासारखे. चूक माझीच होती. रीत बदलली, आणि पुढच्या खेपेला सातव्या पानावर डावीकडे तेरा आले. मी तिथे पेन्सिलीनं गोल केला.

पुढे कॉलेजात छोटे संगणक आले, पडदे आले, आणि मुलांनी समोर बसून बघावं असे प्रोग्रॅम मी लिहायला लागले. वर्गात दर वर्षी कुणीतरी विचारायचंच, की मग गार झालेला चहा कधीतरी आपोआप गरम होईल का? मी आधी दहा ठिपके घ्यायचे. हजारेक चिठ्ठ्यांत दहाही परत डावीकडे यायचे आणि मुलं टेबल वाजवायची. मग वीस. त्याला दहा लाखांच्या घरात चिठ्ठ्या लागायच्या, आम्ही तो चालू ठेवून दुसरं काम करायचो आणि कुणीतरी नजर ठेवून बसायचं. मग मी चाळीस घ्यायला सांगायचे आणि किती वेळ लागेल त्याचा हिशोब मुलांनाच करायला लावायचे. हिशोब झाला की वर्ग एकदम शांत व्हायचा. त्या शांततेसाठी मी शिकवत होते असं आता वाटतं. कंपनीतून निवृत्त झालेले आबा एकदा माझं कॉलेज बघायला आले. खुर्चीवर पाय वर घेऊन बसले आणि बराच वेळ ठिपक्यांकडे बघत राहिले.

"आता चिठ्ठ्या कोन काढतंय?" त्यांनी विचारलं.

"मशीन काढतंय, आबा."

"खरं काढतंय का?"

"हो. मी तपासलंय."

"मग हरकत न्हाई," आबा म्हणाले, आणि चहा मागितला.

बाई, एवढं सगळं लिहिलं, आणि जे लिहायला बसले होते ते अजून राहिलंच आहे. या प्रोग्रॅमचं एक पुस्तक झालं, मुलांच्या प्रयोगासाठी, बऱ्याच कॉलेजांत वापरलं गेलं. त्याच्या सुरुवातीला मी आभार मानले आहेत. प्राचार्यांचे, छापखान्याचे, माझ्या नवऱ्याचे, आबांचेसुद्धा. तुमचा उल्लेख नाही. विसरले नव्हते. तुमच्याबद्दल लिहायचं तर त्या दहा पानांबद्दल लिहावं लागलं असतं, आणि ती जागा का गेली तेही. मी तीनदा लिहून पाहिलं आणि शेवटी तो परिच्छेदच काढून टाकला. पुढच्या आवृत्तीत घालू असं म्हटलं, तीही आवृत्ती निघाली.

गेल्या आठवड्यात चिंचवडच्या एका कॉलेजानं मला बोलावलं होतं. आता तिथली मुलं हे सगळं फोनवर करतात, लाखो ठिपके, रंगीत. बोलणं झाल्यावर पुढच्या रांगेतली एक मुलगी उठली. तिनं विचारलं, "मॅडम, तेव्हा तर कॉम्प्युटरही नव्हते. मग तुम्हाला ही कल्पना आली कुठून?" सभागृहात कुणीही माझ्या वेळचं नव्हतं. तुमचे यजमान नाहीत, प्रोफेसर नाहीत, आबा नाहीत. मला त्रास होईल असं काहीच उरलेलं नव्हतं. हे पत्र टाकायला पत्ता नाही, आणि असता तरी मी टाकलं असतं की नाही, शंका आहे. मी तिला म्हणाले, "सुचलं."